रहस्यमालिकांवरची पुस्तकं: गावच्या वाचनालयाने घ्यावीत की नाही?

येळ्ळूरचा वाचक

आमच्या गावच्या वाचनालयाची नवी खरेदी ठरते आहे. कॉलेजच्या मुलांनी दिलेल्या यादीत या वेळी 'डॉक्टर हू', 'स्टार ट्रेक', 'ट्विन पीक्स' या मालिकांवर निघालेली पुस्तकं आहेत, ज्यांना कंपॅनियन बुक म्हणतात ती. समितीतल्या एका ज्येष्ठांनी "टीव्हीची पुस्तकं वाचनालयात कशाला?" म्हणून यादी बाजूला ठेवली. मला ते पटलेलं नाही. ही पुस्तकं घ्यायलाच हवीत असं माझं मत आहे, आणि इथे सीमाभागातले वाचणारे लोक आहेत म्हणून ते मांडतो.

'डॉक्टर हू' बीबीसीने नोव्हेंबर १९६३ मध्ये सुरू केली. काळातून प्रवास करणाऱ्या एका विलक्षण माणसाची गोष्ट. त्या काळी टेप महाग होत्या आणि जुना कार्यक्रम पुन्हा दाखवायची सोयही फारशी नव्हती. त्यामुळे जुन्या टेप पुसून त्यांवर दुसरं काही भरलं गेलं. पहिल्या सहा वर्षांतले नव्वदहून जास्त भाग आज चित्ररूपात मिळत नाहीत. आवाज तेवढे उरले, कारण काही प्रेक्षक घरी टेपरेकॉर्डर लावून बसायचे. आणि गोष्टी उरल्या त्या पुस्तकांमुळे. १९७३ पासून टार्गेट या प्रकाशनाने एकेका कथेची छोटी कादंबरी काढायला सुरुवात केली. त्यातल्या साठाहून अधिक एकट्या टेरन्स डिक्स यांनी लिहिल्या, आणि ते त्याच मालिकेचे पटकथा-संपादक होते. घरोघरी व्हिडिओ यायच्या आधी इंग्लंडमधल्या मुलांनी जुने भाग 'पाहिले' ते या पुस्तकांतच.

दुसरं उदाहरण 'द मेकिंग ऑफ स्टार ट्रेक'. अंतराळयानातून ग्रहोग्रही फिरणाऱ्या माणसांच्या मालिकेवरचं हे पुस्तक १९६८ साली आलं, म्हणजे मालिका चालू असतानाच. निर्मिती कार्यालयातली पत्रं, टिपणं, चॅनेलशी झालेली ओढाताण, सगळं त्यात छापलेलं आहे. यान दर भागात ग्रहावर उतरवणं पैशाला परवडेना, म्हणून माणसांना क्षणात खाली पोचवणारं यंत्र सुचलं. लिहू पाहणाऱ्या मुलाला अशा गोष्टी कुठल्या वर्गात शिकायला मिळणार? आपल्याकडे एकांकिका बसवणारी पोरं आहेत. त्यांच्या हाती हे पुस्तक पडायला हवं.

निपाणीकर मास्तर

माझा विरोध आहे, आणि तो टीव्हीला नाही. 'ब्योमकेश बक्शी' मी १९९३ साली दूरदर्शनवर भक्तिभावाने बघितली आहे.

रहस्य असलेल्या गोष्टीत प्रेक्षकाने न जाणण्याचा काळ भोगायचा असतो. हा काळच ही पुस्तकं खाऊन टाकतात. 'ट्विन पीक्स'चंच घ्या. १९९० साली मालिका आली. लॉरा पामर नावाच्या मुलीचा खून कोणी केला, एवढ्या प्रश्नावर अख्खी अमेरिका बसून होती. निर्मात्यांना उत्तर इतक्यात द्यायचंच नव्हतं. चॅनेलने रेटा लावला आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये खुनी दाखवावा लागला. त्यानंतर प्रेक्षक गळत गेले आणि १९९१ मध्ये मालिका थांबली. भागवार माहितीचं पुस्तक हीच घाई विकतं. मुलगा कपाटातून ते काढणार, मधलंच पान उघडणार आणि एका ओळीत सगळं संपणार. मग ती मालिका त्याला कोरी कधीच बघता येणार नाही. वाचनालयाने मुलांच्या हातात काय द्यावं याला जबाबदारी असते.

येळ्ळूरचा वाचक

मास्तर, तुम्ही ज्या मालिकेचं नाव घेतलंत तिच्याच पुस्तकाचं सांगतो. 'द सीक्रेट डायरी ऑफ लॉरा पामर' सप्टेंबर १९९० मध्ये आलं, खुनी पडद्यावर यायच्या आधी. लिहिलं दिग्दर्शक डेव्हिड लिंच यांची मुलगी जेनिफर हिने. त्या डायरीत ऐन मोक्याची पानं फाडलेली दाखवली आहेत. उत्तर दिलेलं नाही. उलट एरवी फक्त प्रेत म्हणून दिसलेली मुलगी त्यात स्वतः बोलते, घाबरते, लपवते. म्हणजे रहस्य न फोडता पुस्तक लिहिता येतं.

अनुजा, टिळकवाडी

दोघांचंही अर्धंच पटतंय. माझी हरकत त्या डायरीसारख्या पुस्तकांनाच आहे, ज्यात मालिकेतलं पात्रच लेखक होतं. मेकिंगची पुस्तकं खुशाल घ्या.

रहस्यकथेत पुरावा प्रेक्षकासमोर हवा. तो वेगळ्या किमतीच्या पुस्तकात ठेवला, तर नुसती मालिका बघणाऱ्याची फसवणूक होते. विमान कोसळून बेटावर अडकलेल्या लोकांची मालिका 'लॉस्ट', तिच्या वेळी २००६ साली 'बॅड ट्विन' नावाची कादंबरी निघाली. लेखक म्हणून नाव होतं मालिकेतल्याच, विमान अपघातात सापडलेल्या एका प्रवाशाचं. लोकांनी बेटाचं कोडं सुटेल म्हणून ती घेतली. कोडं काही त्यात सुटलं नाही. याला मी व्यापार म्हणते.

आणि 'ट्विन पीक्स'चे सहनिर्माते मार्क फ्रॉस्ट यांनी २०१६ मध्ये त्या गावाचा गुप्त इतिहास म्हणून सरकारी दस्तऐवजांच्या रूपातलं पुस्तक लिहिलं. त्यातले कितीतरी तपशील जुन्या भागांशी जुळत नाहीत. हे मुद्दाम केलंय की चुकून झालंय, यावर चाहते अजून भांडतात. निर्मात्याचंच पुस्तक पुरावा म्हणून धरता येत नसेल, तर ते संदर्भाच्या कपाटात कशाला? कादंबऱ्यांत ठेवा आणि कादंबरी म्हणून चांगलं आहे का तेवढं बघा.

खानापूरचा पाऊस

नेटवर सगळं फुकट मिळतंय की! कोणत्या भागात कोण होतं, कोणी लिहिलं, सगळं. वर ते रोज सुधारतात पण. 'स्टार ट्रेक'चा विश्वकोश १९९४ साली छापला, मग नवीन मालिका येत राहिल्या म्हणून वाढवून वाढवून परत परत काढायला लागला. पैसे घालून शिळी माहिती का घ्यायची म्हणतो मी? आणि आमच्याकडच्या पावसात ती चिकटवलेल्या बांधणीची पुस्तकं किती टिकणार?

जुना ग्रंथपाल

बांधणीचं म्हणणं बरोबर. आल्या आल्या शिवून पुठ्ठा घालून घ्यावा लागतो, नाहीतर जुलैत पानं सुटतात.

पण शिळ्या माहितीबद्दल मी वेगळं सांगेन. नेटवरचं पान आजचं असतं. कालचं काय होतं ते त्यावर सहसा दिसत नाही, आणि चाहत्यांनी वर्षानुवर्षं सांभाळलेली अशी पानं एका रात्रीत बंद झालेली मी बघितली आहेत. १९६८ च्या त्या पुस्तकाला माहीतच नाही की मालिका पुढच्या वर्षी ७९ भागांवर बंद पडणार आहे. पुढे त्यातून चित्रपट आणि नव्या मालिकांचा केवढा पसारा होणार, तेही माहीत नाही. त्या लोकांना तेव्हा काय वाटत होतं ते जसंच्या तसं त्यात आहे. नंतर लिहिणाऱ्याला ते साधत नाही, कारण त्याला शेवट ठाऊक असतो.

'द ट्वायलाइट झोन कंपॅनियन' बघा. दर भागात वेगळी अद्भुत गोष्ट सांगणारी ही अमेरिकन मालिका १९५९ ते १९६४, भाग १५६. मुख्य लेखक रॉड सर्लिंग १९७५ मध्ये वारले. पुस्तक १९८२ चं. मार्क स्कॉट झिक्री यांनी सर्लिंगबरोबर काम केलेल्या माणसांना गाठून विचारून घेतलं, तेव्हा त्यातले पुष्कळ जण हयात होते. हे वेळेत झालं म्हणून झालं. शिवाय न आवडलेल्या भागाला ते सरळ कमी लेखतात. निव्वळ जाहिरातीच्या पुस्तकात हे दिसत नाही, आणि खरेदी करताना मी हीच कसोटी लावेन.

निपाणीकर मास्तर

ग्रंथपालसाहेब, तुमचा मुद्दा वजनाचा आहे. तरी पैशाचं बोलू. परदेशातून मागवलेल्या एका पुस्तकाच्या किमतीत मराठीची चार-पाच येतात. बेळगावचं सार्वजनिक वाचनालय १८४८ सालचं आहे. आपल्या भागात मराठी वाचनालय नुसती पुस्तकं देत नाही, ते भाषा धरून ठेवतं. निपाणी, खानापूर, चिकोडीकडच्या खेड्यांत लोक तुटपुंज्या वर्गणीवर ही दारं उघडी ठेवतात. त्या पैशातून अमेरिकेच्या मालिकेची इंग्रजी टिपणं घ्यायची, हे मला सोसत नाही. आधी मराठी.

अनुजा, टिळकवाडी

मग मास्तर, मराठी मालिकांवर असं पुस्तक लिहायला सांगा ना! मला तेच हवंय.

'असंभव' झी मराठीवर २००७ मध्ये आली. पूर्वजन्म, वाडा, खून, आणि आठवडाभर घरोघरी चाललेले तर्क. पाठोपाठ स्टार प्रवाहवर 'अग्निहोत्र', आठ गणपतींच्या शोधाची. दोन्हींचे दिग्दर्शक सतीश राजवाडे. पटकथा कशी बांधली, कोणता धागा मध्येच सोडला, कोणाची तारीख न मिळाल्याने काय बदललं, हे त्या लोकांकडून आजच लिहून घेता येईल. 'रात्रीस खेळ चाले' तर २०१६ मध्ये एक, २०१९ मध्ये त्याच्या आधीची गोष्ट, २०२१ मध्ये तिसरी. कोणत्या घटनेनंतर कोणती, यावर आमच्या घरात अजून वाद होतात. आंबोलीमार्गे सावंतवाडीला जाणारे आपल्याकडचे किती लोक आकेरीचा तो वाडा बघून आले असतील! पहिल्या पर्वाच्या शेवटावर लोक नाराज झाले होते, त्याबद्दल लेखकांना काय म्हणायचंय ते मला पुस्तकात वाचायचंय.

जुना ग्रंथपाल

अनुजाताई, यात एक कन्नड नाव घाला. 'गुड्डद भूत'. १९९० च्या सुमाराची दूरदर्शनची मालिका, तुळुनाडूतल्या, म्हणजे कर्नाटकाच्या किनारपट्टीकडच्या तुळू भाषकांच्या भागातल्या, टेकडीवरच्या भुताची. दिग्दर्शक सदानंद सुवर्ण, प्रमुख भूमिकेत तेव्हाचे तरुण प्रकाश राय, म्हणजे आताचे प्रकाश राज. आपल्याकडे तेव्हा प्रादेशिक वेळेला बेंगळूरचे कार्यक्रम लागायचे. मराठी घरातली बायामाणसं अर्धं कन्नड समजून आणि अर्धं शेजारणीला विचारून ती बघत होती. त्यातलं गाणं अजून कोणी गुणगुणलं तर आमच्या गल्लीतली पन्नाशीपुढची माणसं थांबून ऐकतात. मुंबई-पुण्याच्या लेखकाला ही आठवण असणारच नाही, आणि बेंगळूरवाल्याला मराठी घरात ती कशी बघितली गेली हे कळायचं नाही. दोन्ही बाजू सांगणारं पुस्तक बेळगाव-खानापूरच्या माणसालाच लिहिता येईल. बघणारी माणसं आहेत तोवर त्यांना विचारायला हवं.

खानापूरचा पाऊस

'गुड्डद भूत' माझी आजी सांगते! रात्री बाहेर जायला भ्यायची म्हणे मामी. हे पुस्तक कोण लिहीत असलं तर आजीला विचारून सगळं लिहून देतो मी. याला नेटवर काय नाही मिळायचं, हे मान्य.

निपाणीकर मास्तर

असं पुस्तक आलं तर पहिली प्रत मी माझ्या पैशाने वाचनालयाला देईन, हा शब्द. पण ते लिहायला नमुना म्हणून इंग्रजी पुस्तकं आधी घ्या, असं आता कोणीतरी म्हणणार, आणि ते मला मान्य नाही. आपल्या माणसांना प्रश्न विचारायला परदेशी नमुना लागत नाही.

येळ्ळूरचा वाचक

मास्तर, मी तेच म्हणणार होतो आणि म्हणतोच. प्रश्न विचारायला नमुना लागत नाही, पण भागांची नोंद कशी ठेवायची, पटकथेचा कच्चा मसुदा आणि पडद्यावरचा भाग शेजारी कसे मांडायचे, हे बघून शिकता येतं. समितीपुढे मी दोनच नावं ठेवतो: 'स्टार ट्रेक'चं १९६८ चं आणि झिक्री यांचं. जुन्या प्रती मिळाल्या तर किंमतही कमी पडेल. लॉराची डायरी माझ्या पैशाने घेऊन देणगी म्हणून ठेवतो, कादंबऱ्यांच्या कपाटात. अनुजाताई, एवढं चालेल ना?

अनुजा, टिळकवाडी

कादंबऱ्यांत असेल तर चालेल. मोठ्यांच्या कपाटात ठेवा मात्र, त्यातला मजकूर शाळकरी मुलांसाठी नाही.

निपाणीकर मास्तर

माझा विरोध नोंदवून घ्या. आणि खरेदी झालीच, तर झिक्री यांच्या पुस्तकाच्या पहिल्या पानावर ठळक चिठ्ठी लावा: भाग बघितल्याशिवाय त्या भागाचं पान उघडू नये.