मदत हवी आहे: नाझी अधिकारी क्लाउस बार्बीवरच्या खटल्यावर लिहितोय, फ्रेंच येणारं कुणी आहे का?

नमस्कार मंडळी. इतिहासकार आणि वकील सर्ज क्लार्सफेल्ड यांच्यावर मराठीत लेख लिहितोय. फ्रान्समधून छळछावण्यांकडे पाठवलेल्या सुमारे 76,000 ज्यूंची नावं त्यांनी आगगाडीनुसार लावून 1978 मध्ये छापली. स्वतः आठ वर्षांचे असताना, 1943 साली नीसमध्ये, वडिलांना पकडून नेलं तेव्हा ते कपाटातल्या खोट्या भिंतीमागे आई-बहिणीसोबत लपले होते.

अडलंय ते इझ्यू या फ्रेंच गावाच्या प्रकरणात. तिथल्या बालगृहातून 6 एप्रिल 1944 रोजी 44 मुलं उचलली गेली आणि त्याच संध्याकाळी क्लाउस बार्बीच्या नावाने पॅरिसला तार गेली. 1987 मध्ये ल्याँत बार्बीवर खटला चालला, त्यात क्लार्सफेल्ड पीडितांच्या बाजूचे वकील होते आणि तीच तार महत्त्वाचा पुरावा ठरली. बचावपक्षाने तिच्या खरेपणावर शंका घेतली, त्यावर नेमका युक्तिवाद काय झाला हे फ्रेंच वृत्तांतांतून समजून घ्यायचंय. यंत्राच्या भाषांतरावर माझा भरवसा नाही. दहा-बारा पानं कुणी सोबत वाचू शकेल का?

शिवाय मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यांना मुदतीची मर्यादा नाही, या 1964 च्या फ्रेंच कायद्याबद्दल एखाद्या वकिलाशी बोलायचंय. इझ्यूचं स्मारक पाहिलेलं कुणी असेल तर तेही सांगा. त्या मुलांबद्दल एकही ओळ चुकीची जायला नको.