मान्झिकर्टच्या एका लढाईने बायझंटाइन साम्राज्य बुडाले का?

प्रश्न: १०७१ साली मान्झिकर्ट (आजच्या पूर्व तुर्कस्तानात) येथे बायझंटाइन, म्हणजे पूर्व रोमन, सम्राट चौथा रोमानोस सेल्जुक तुर्कांचा सुलतान आल्प अर्स्लानच्या हाती जिवंत सापडला आणि पुढे दहाएक वर्षांत अनातोलियाचा (आजच्या तुर्कस्तानच्या आशियाई भागाचा) बहुतांश अंतर्भाग गेला. मात्र हे साम्राज्य १४५३ पर्यंत टिकले असताना या लढाईला निर्णायक म्हणणे कितपत योग्य आहे?

प्रतिसाद १: लढाईपेक्षा तिच्यानंतरची यादवी अधिक घातक ठरली, असे माझे मत आहे. सुलतानाने खंडणीचा करार करून सम्राटाला लवकरच सोडले होते. परंतु तो परतण्यापूर्वीच प्रतिस्पर्धी डुकास घराण्याने राजधानीत सत्ता हाती घेतली, आणि १०७२ मध्ये स्वकीयांनीच त्याचे डोळे काढले, त्या जखमांनीच तो मेला. शत्रूने सोडलेल्याला आप्तांनी संपवावे, यापरते दुर्दैव कोणते! पुढे सिंहासनाच्या दावेदारांनी तुर्क टोळ्यांना भाडोत्री सैनिक म्हणून स्वतःहून आत बोलावले.

प्रतिसाद २: यात थोडी भर घालतो. रणांगणावर पिछाडी सांभाळणारा, त्याच डुकास घराण्यातला आंद्रोनिकोस डुकास ऐनवेळी सैन्य घेऊन निघून गेला, म्हणजे फुटीचे बीज पराभवाच्या आधीचेच होते. सोन्याच्या नाण्याचा कसही त्यापूर्वीच घसरू लागला होता. तरीही लढाईला अगदीच गौण लेखू नये, कारण १०८१ मध्ये गादीवर आलेल्या अलेक्सिओस कोम्नेनोसने पश्चिम किनारपट्टी परत मिळवली, पण सैनिक आणि महसूल पुरवणारे मधले पठार कायमचे गेले.

प्रश्नकर्ता: आभारी आहे. पिछाडीच्या माघारीचा मुद्दा माझ्या लक्षातच आला नव्हता.