मालवणच्या सागरी अभयारण्यात बंदी कडक हवी का?

पैठणकर:
दिवाळी आली की संभाजीनगर, जालना, बीडहून गाड्या भरभरून मालवणजवळच्या तारकर्लीला निघतात. सिंधुदुर्ग किल्ल्याभोवती आपण ज्या पाण्यात स्नॉर्कलिंगला उतरतो, ते १९८७ पासून सागरी अभयारण्य आहे, हे त्यातल्या किती जणांना माहीत असतं? क्षेत्र २९.१२ चौरस किलोमीटर. त्यातला ३.१८ चौरस किलोमीटरचा भाग म्हणजे गाभा. किल्ला, पद्मगड आणि आजूबाजूचे खडक त्यात येतात. प्रवाळ तिथंच आहे, आणि प्रवाळाला कायद्यानं वाघाइतकंच संरक्षण आहे.

प्रत्यक्षात होतं काय, तर होडीवाला खडकावर नांगर टाकतो. फोटोत मासे यावेत म्हणून पाण्यात पाव कुस्करतात. दमलेला पर्यटक सरळ प्रवाळावर उभा राहतो. वर्षाला काही मिलिमीटर वाढणारी जात असते ती, एका टाचेखाली कित्येक वर्षांची वाढ मोडते.

माझं मत स्पष्ट आहे. गाभ्यात जाळं नको, नांगर नको, पर्यटकही मोजकेच सोडा. बियाण्याची ज्वारी आपण दुष्काळातही दळत नाही. गाभा म्हणजे समुद्राचं बियाणं आहे.

माहेर मालवण, सासर लातूर:
दादा, तळमळ पटली, पण तुम्ही फक्त पाण्याखाली बघितलंत. काठावर माणसं राहतात. अभयारण्य झालं तेव्हा किनाऱ्यावरच्या वाड्यांना कुणी विश्वासात घेतलं नाही, ही सल अजून गेलेली नाही. समुद्रातलं अभयारण्य ठरवताना स्थानिक मच्छीमारांच्या धंद्याचं हित जपावं, हे कलम २६ अ मध्ये आलं १९९१ च्या दुरुस्तीनं. म्हणजे आमच्यावर रेघ ओढून झाल्यावर.

रापण, म्हणजे किनाऱ्यावरून दोरानं ओढायचं मोठं जाळं, कधी ओढताना पाहिलीत का? अख्खी वाडी दोराला लागते. म्हातारा माणूस नुसता दोर गुंडाळत बसला तरी त्याचा वाटा निघतो. ही माणसं मासा संपवत नाहीत. तारली, बांगडा ओरबाडून नेला तो पर्ससीनवाल्यांनी, म्हणजे यांत्रिक बोटीतून जाळ्यानं माशांचा अख्खा थवा घेरणाऱ्यांनी. एलईडीच्या उजेडात मासेमारीला बंदी आहे, तरी रात्री दूरवर दिवे दिसतातच. कडक व्हायचंच तर आधी तिकडं व्हा.

परभणीचा शेतकरी:
इथं उन्हाळ्यात टँकरची वाट बघायलोत आपण. मालवणच्या खडकांचं आपल्याला काय पडलंय? त्यांचं ते बघून घेतील.

पैठणकर:
भाऊ, तिथं जाऊन पाय आपलेच पडतात, म्हणून आपल्याला पडलंय.

नाथसागरकाठचा:
मी भोई समाजातला, बापजाद्यापासून धरणावर मासेमारी. आमचं जायकवाडी पक्षी अभयारण्य १९८६ चं, ३४१ चौरस किलोमीटर. म्हणजे मालवणच्या दहापटीपेक्षा मोठं. त्यामुळं अभयारण्य म्हणजे काय ते आम्हाला विचारा. पक्षी आले की आम्हाला आनंदच आहे, फ्लेमिंगो उतरले की आम्हीच लेकरांना दाखवायला नेतो. पण त्याच पाण्यावर तरंगता सौर प्रकल्प आणायचं ठरलं. मच्छीमार हरित लवादाकडं गेले, याचिका फेटाळली. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही दाद मिळाली नाही. वीज पाहिजे, मी नाही म्हणत नाही. पण रोहू-कटल्यावर चूल पेटणाऱ्याला नियम सांगायचे आणि मोठ्याला वाट काढून द्यायची, हे आम्हाला पचत नाही. मालवणच्या ताईंची भीती खरी आहे.

नांदेडचा डायव्हर:
मला वेगळंच वाटतं. पर्यटक कमी करा म्हणणं सोपं आहे. तारकर्लीला एमटीडीसीचं, म्हणजे राज्याच्या पर्यटन महामंडळाचं, स्कूबा (पाण्याखाली उतरण्याचं) प्रशिक्षण केंद्र आहे, तिथली कित्येक पोरं त्या धंद्यावर गावात टिकली, नाहीतर मुंबई धरली असती. पोरांना पैसा प्रवाळामुळंच मिळतो, मग तेच राखतील. नियम करा, दार लावू नका.

पैठणकर:
पैसा मिळतो म्हणून राखतील, हे मला मान्य नाही. सीझनला दिवसाच्या फेऱ्या वाढवायची चढाओढ असते, तेव्हा नांगर कुठं पडला हे कोण बघतं? होड्या बांधायला कायमचे बोये, म्हणजे तळाशी बांधलेले तरंगते पिंप, टाका, होड्यांची संख्या ठरवा, पाव टाकणाऱ्याला दंड करा. एवढं झालं तर पर्यटनाला माझा विरोध नाही.

आणि ताई, रापण वाळूच्या तळावर ओढतात. खडकावर ओढली तर जाळं फाटेल. मग खडकाळ गाभा सोडून दिल्यानं रापणकरांचं किती नुकसान होणार? पर्ससीनबद्दल मात्र मी शंभर टक्के तुमच्या बाजूनं.

माहेर मालवण, सासर लातूर:
रापणीचं बरोबर बोललात. पण खडकाजवळ गर, म्हणजे गळ, टाकून मासे धरणारेही आहेत, एकटा माणूस, छोटी होडी. त्याचं काय? त्याला गरानं धरू द्या, आणि ते लेखी द्या. आज गाभा म्हणाल, उद्या सगळे २९ चौरस किलोमीटर म्हणाल, परवा जेटी दुरुस्त करायलाही परवानगी मागावी लागेल, हीच तर धास्ती आहे. रेघ कुठं ते वाडीत बसून ठरवा, बोये सांभाळायचं काम तिथल्याच मच्छीमारांना पगारानं द्या. मग माझे भाऊच तुमच्या बाजूनं उभे राहतील.

पैठणकर:
बोये आणि पगाराचं काम, दोन्ही मान्य. गराचं अजून पटत नाही. ३.१८ चौरस किलोमीटर तरी पूर्ण सोडलेच पाहिजेत.

नाथसागरकाठचा:
मग त्या गरवाल्याला वर्षभराची भरपाई द्या म्हणावं, आणि ती आधी द्या.