टेनिस हा बँड थांबला, आता मागे जाऊन कुठून ऐकायला घेऊ?

रेवती_के
मंडळी, मला टेनिस फारच उशिरा सापडला. डेन्वरचे नवरा-बायको, अलेना मूर आणि पॅट्रिक रायली. मागच्या महिन्यात मैत्रिणीने त्यांचा 'स्विमर' हा अल्बम पाठवला आणि तेव्हापासून घरात दुसरं काही वाजलेलंच नाही. मग जरा शोधाशोध केली तर कळलं की एप्रिल २०२५ मध्ये आलेला 'फेस डाउन इन द गार्डन' हाच शेवटचा, टेनिस म्हणून आता पुढे काही नाही, आणि हे त्यांनी स्वतःच जाहीर करून टाकलंय. खरं सांगते, रडूच आलं, आत्ता कुठे ओळख झाली होती.
दोन प्रश्न आहेत. पहिल्या अल्बमपासून क्रमाने ऐकू का? आणि सगळे 'बोटीवाला बँड' म्हणतात ते काय प्रकरण आहे?

जुनीकॅसेट
रेवती, क्रमानेच ऐक. एकूण सातच अल्बम आहेत, आठवड्यात होतील.
बोटीचं सांगतो. दोघं कॉलेजात तत्त्वज्ञान शिकताना भेटले, लग्न केलं, आणि साठवलेले पैसे घालून ३० फुटी शिडाची बोट घेतली आणि अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याने सात-आठ महिने त्या बोटीवरच राहिले, खाणंपिणं झोपणं सगळं तिच्यावर, आणि बोट चालवायचा अनुभव म्हणाल तर नसल्यातच जमा. परत आले ते डेन्वरला, म्हणजे जिथे डोंगर आहेत, समुद्र नाहीच. तिथे बसून त्या प्रवासाची आठवण म्हणून गाणी करायला घेतली, बँड काढायचा असं काही डोक्यात नव्हतं. त्यातून २०११ ला 'केप डोरी' आला. केप डोरी हे त्यांच्या बोटीच्या बनावटीचं नाव. गाण्यांची नावं वाच, 'साउथ कॅरोलिना', 'बाल्टिमोर', 'बिमिनी बे', लॉगबुक चाळल्यासारखं वाटतं. आवाज साठच्या दशकातल्या मुलींच्या ग्रुपसारखा, गिटार लखलखीत, आणि अलेनाचा आवाज इतका घुमवून मागे ठेवलाय की अर्धे शब्द कळत नाहीत, ती पलीकडच्या खोलीत गातेय आणि दार लोटलेलं आहे असं वाटतं. मला ते तेव्हाही आवडलं होतं, आजही आवडतं. अल्बम अर्ध्या तासाच्या आत संपतो, लगेच पुन्हा लावावासा वाटतो.
पुढच्याच वर्षी 'यंग अँड ओल्ड', त्याचा प्रोड्यूसर द ब्लॅक कीजचा ड्रमर पॅट्रिक कार्नी. ड्रम एकदम पुढे आले आणि दार उघडलं, बाई समोर येऊन गायला लागली.

मंद्रसप्तक
जुनीकॅसेट यांचं बरोबर आहे पण मी उलटं सांगेन. 'स्विमर' आवडला असेल तर आधी 'युअर्स कंडिशनली' ऐक, २०१७ चा. माझ्या मते खरी टेनिस तिथून सुरू होते.
कारण असं की २०१४ च्या 'रिच्युअल इन रिपीट'वर तीन प्रोड्यूसर होते, कार्नी, स्पून या बँडचा जिम ईनो आणि रिचर्ड स्विफ्ट. गाणी सुरेख आहेत, पण प्रत्येक गाण्यात पाहुणा कोण ते ओळखू येतं. त्यानंतर दोघांनी सगळंच आपल्या हातात घेतलं, 'म्युच्युअली डेट्रिमेंटल' नावाचं स्वतःचं लेबल, म्हणजे रेकॉर्ड कंपनी काढली, प्रोडक्शन स्वतः केलं, आणि गाणी लिहायला पुन्हा बोटीवर गेले, यावेळी मेक्सिकोकडे, सी ऑफ कोर्टेझमध्ये. छोट्या बँडला हे किती जड जातं याचा विचार कर, मोठं लेबल असलं की रेकॉर्डिंगचा, छपाईचा, जाहिरातीचा खर्च आधी कोणीतरी उचलतं, इथे सगळं खिशातून आणि अल्बम पडला तर तोटाही घरचाच. पण त्या बदल्यात गाणी पूर्ण त्यांची. 'लेडीज डोन्ट प्ले गिटार' हे नाव वाचून दचकू नकोस, संगीतात बाईकडून काय अपेक्षा ठेवतात त्यालाच तो टोला आहे.

ढोलक्या_मन
एक भर घालतो. टेनिससोबत बरीच वर्षं ड्रम वाजवणारा जेम्स बॅरोन पुढे बीच हाऊस या बँडकडे गेला, त्यांच्या २०१८ च्या '७' या अल्बमवर तोच आहे. दोन्ही बँड आवडत असतील तर सलग ऐकून बघा, हात ओळखू येतो.

सावनी
रेवती, तू 'स्विमर'ने सुरुवात केलीस म्हणून लिहितेय. तो अल्बम आला १४ फेब्रुवारी २०२० ला, आणि महिनाभरात जगभर कार्यक्रमच बंद पडले. त्यांचा सगळ्यात जवळचा, सगळ्यात दुखरा अल्बम आणि नेमका तोच लोकांसमोर धड वाजला नाही, याचं मला अजून वाईट वाटतं. पॅट्रिकचे वडील गेले होते, अलेनाची आई हॉस्पिटलात होती, त्या काळातली गाणी आहेत ती. शीर्षकगीत त्याच्या वडिलांच्या अस्थी समुद्रात सोडण्यावर आहे. ज्या पाण्यावर 'केप डोरी'त सगळी मौज चालली होती त्याच पाण्यात हे. हे कळल्यापासून मला ते गाणं काम करता करता ऐकता येत नाही, बसूनच ऐकावं लागतं.
थांबण्याबद्दल म्हणशील तर त्यांनी सांगितलं ते इतकंच की या बँडमधून जे म्हणायचं होतं ते म्हणून झालं. मला ते पटतं. २०२३ चा 'पॉलन' ऐक, त्यातही तेच दोघं, तेच लग्न, तीच भीती, पंधराएक वर्षं एकाच नात्यावर लिहायचं आणि तेही खोटं न वाटू देता, सोपं नाही गं. शिवाय रोजचा दौऱ्यांचा थकवा, शेवटच्या अल्बमवर '१२ ब्लोन टायर्स' आहे बघ, नावातच सगळं आलं.

रेवती_के
सगळ्यांचे मनापासून आभार. सावनी, अस्थींचं मला माहीतच नव्हतं, महिनाभर ते गाणं भांडी घासताना लावत होते.
'केप डोरी' लावलाय. 'मॅरेथॉन' चालू आहे. शब्द खरंच कळत नाहीयेत, आणि चालतंय.