डोंगर मालकाचा, मग गेटची किल्ली गावातल्या बाईंकडे कशी?

पायवाट: गेल्या उन्हाळ्यात कोलोरॅडोत कुलेब्रा शिखर चढायला गेलो होतो. डोंगर खाजगी, त्यामुळे आधी नाव नोंदवून पैसे भरले. सकाळी गेटपाशी ताटकळत होतो, तेवढ्यात एक जुना पिकअप आला. साठीच्या बाई उतरल्या, स्वतःच्या किल्लीने कुलूप उघडलं, गाडी आत घेतली, परत येऊन कुलूप लावलं. मागे चेनसॉ आणि दोरखंड. विचारलं तर "ला सिएरा आमचीच" (म्हणजे हा डोंगर) एवढंच म्हणाल्या. मग मी पैसे भरले ते कोणाला?

जुनादस्त: मालकालाच, आणि ते बरोबरच. बाईंची किल्ली सरपणाची आहे.

ही मेक्सिकोच्या काळातली इनाम जमीन, १८४४ ची. खाली सान लुईस गाव वसलं १८५१ मध्ये. इनामदार बोबियेंने १८६३ मध्ये स्पॅनिशमध्ये लिहून दिलं की वसाहतकऱ्यांना डोंगरावर चराई, सरपण, इमारती लाकूड मिळेल. जवळजवळ शंभर वर्षं तसंच चाललं. १९६० मध्ये नॉर्थ कॅरोलिनाच्या जॅक टेलर या लाकूडवाल्याने ७७,००० एकर घेतले आणि वाटा बंद केल्या. गंमत म्हणजे त्याच्या खरेदीखतातच स्थानिकांच्या चराई-लाकडाच्या दाव्यांचा उल्लेख होता! तरी १९६५ मध्ये फेडरल कोर्टात तो जिंकला. पण बऱ्याच गावकऱ्यांना त्या खटल्याची नोटीसच पोचली नव्हती, म्हणून तो निकाल पुढे त्यांच्यावर बंधनकारक ठरला नाही. १९८१ मध्ये गावाने पुन्हा दावा लावला. निकाल २००२ मध्ये, राज्याच्या सुप्रीम कोर्टात. एकवीस वर्षं. दावा लावणारे कितीतरी जण तोवर गेले असणार.

पायवाट: म्हणजे जमीन परत मिळालीच नाही?

जुनादस्त: नाही. मालकी टेलरकडून पुढे विकत गेली. गावाला मिळाली ती वहिवाट: गुरं चारा, लाकूड आणा. शिकार आणि मासेमारी कोर्टाने नाकारली. त्या बाईंनी ओढ्यात गळ टाकला तर त्या तुमच्यासारख्याच परक्या.

रिकामाखिसा: सान लुईसमध्ये घर घेतलं तर मलाही किल्ली?

जुनादस्त: कुठली जमीन घेताय त्यावर आहे. तिथे शेतं ओढ्यापासून वर जाणाऱ्या लांबट पट्ट्यांत वाटलेली, वारा या स्पॅनिश मापाने मोजलेली. हक्क त्या पट्टीला चिकटलेला, आडनावाला नाही. जुन्या वसाहतीतली पट्टी असेल आणि दस्तांची साखळी मागपर्यंत जुळवून दाखवलीत, तर मिळेल. चेनसॉ मात्र तुमचा तुम्ही घ्यायचा.