ली चांग-डोंग यांनी लिहिणं सोडलं का?

पावसाळी_दुपार
काल रात्री 'पोएट्री' बघितला आणि झोपच उडाली. कविता शिकवणारे सर वर्गात हातात सफरचंद धरून विचारतात ना, की तुम्ही सफरचंद किती वेळा बघितलंय, हजार वेळा, लाख वेळा, आणि मग म्हणतात की एकदाही नाही, मी तिथेच अडकलेय. नंतर कळलं दक्षिण कोरियाचे दिग्दर्शक ली चांग-डोंग आधी लेखक होते, शाळेत शिकवायचेसुद्धा. मग सिनेमात कसे आले? लिहिणं सोडलं का? आणि त्यांचं काही वाचायला मिळेल का?

जुना_वाचक
सोडलं असं मला तरी अजिबात वाटत नाही. १९८३ ला 'डोंग-आ इल्बो' या पेपरच्या साहित्य स्पर्धेतून ते लेखक म्हणून पुढे आले, १९८७ आणि १९९२ ला कथासंग्रह निघाले. मग दिग्दर्शक पार्क क्वांग-सू यांच्या 'टू द स्टारी आयलंड'ची (१९९३) पटकथा लिहिली आणि त्याच सेटवर असिस्टंट म्हणून राबलेही, जन्म १९५४ चा म्हणजे चाळिशीला आलेला माणूस हो, नाव असलेला लेखक, आणि नव्याने उमेदवारी! स्वतःचा पहिला सिनेमा 'ग्रीन फिश' थेट १९९७ ला. मधे २००३-०४ मध्ये सांस्कृतिक मंत्रीही होते. आणि तुम्ही बघितलात त्या 'पोएट्री'ला २०१० मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात बक्षीस मिळालं ते पटकथेचंच.

रुळांवरून
ताई, आता 'पेपरमिंट कँडी' बघाच. सुरुवातीलाच नायक रेल्वेच्या रुळांवर उभा राहून 'मला परत जायचंय' म्हणून ओरडतो आणि गोष्ट १९९९ वरून मागे मागे जात १९७९ ला पोचते, वाटेत १९८० चं ग्वांगजू लागतं, म्हणजे लष्कराने लोकांचा उठाव चिरडला ते शहर, तिथे तो सक्तीच्या भरतीतला कोवळा सैनिक असतो. दोन प्रकरणांच्या मधे ट्रेनमधून दिसणारे रूळ येतात, नीट बघा, बाजूची माणसं, गाड्या उलट्या चालतायत, म्हणजे ते शूटिंगच उलटं फिरवलंय. आधी माणसाचा राग येतो, कारण नंतर कळतं, आणि तोवर उशीर झालेला असतो. अशी रचना कथालेखकालाच सुचणार.

जुना_वाचक
वाचायचं राहिलंच की. 'स्नोई डे अँड अदर स्टोरीज' नावाने कथा इंग्रजीत आल्यात, २०२५ ला.

पावसाळी_दुपार
दोघांचेही मनापासून आभार! पुस्तक मागवतेय, 'पेपरमिंट कँडी' आज रात्रीच. आणि खरं सांगू, सकाळी डब्यासाठी सफरचंद चिरायला घेतलं आणि देठाजवळचा खळगा बघत तशीच उभी राहिले, मुलाची बस चुकली.