पोपटाची केस पैसे भरून मिटवायची का?

लालबागची सून
सासऱ्यांनी गॅलरीत पोपट पाळला होता. कुणीतरी तक्रार केली, फॉरेस्टवाले पंचनामा करून पिंजऱ्यासकट घेऊन गेले. तेव्हापासून अण्णा धड जेवलेले नाहीत. ओळखीतला एक जण म्हणतो, वीस हजार रोख द्या, केस कंपाउंड, म्हणजे पैसे भरून तडजोड, करून आणतो. असं खरंच असतं का?

निवृत्त वनपाल
ताई, त्याच्या हातात एक रुपयाही देऊ नका. तडजोड कायद्यातच आहे, वन्यजीव संरक्षण कायदा १९७२, कलम ५४. पण ती करतो शासनाने अधिकार दिलेला, किमान उपवनसंरक्षक दर्जाचा अधिकारी. आरएफओ, म्हणजे वनपरिक्षेत्र अधिकारीसुद्धा नाही, मध्यस्थ तर दूरच. रीतसर अर्ज करा, पैसे सरकारी पावतीवरच भरा. कमाल रक्कम पूर्वी २५ हजार होती, १ एप्रिल २०२३ पासून ५ लाख आहे. रक्कम भरली की त्या गुन्ह्यात पुढची कारवाई होत नाही. मात्र तो आपला हक्क नव्हे, साहेबांनी मान्य केलं तरच.

पोपट परत मिळेल ही आशा अण्णांना लावू नका. विकणारे पोपटाची पिलं ढोलीतून पिसं फुटायच्या आत काढतात. मी अशी खोकी उघडली आहेत, वरची पिलं चोची वासून ओरडत होती आणि तळाची मेलेली होती.

घरात आणखी काही पाळलंय का?

पक्षीमित्र, अंधेरी
म्हणजे पैसेवाल्यांना मोकळं रान!

निवृत्त वनपाल
विकणाऱ्याला तडजोड देऊ नये, याच मताचा मी आहे. एका पोपटासाठी म्हाताऱ्या माणसाला कोर्टाच्या तारखांना फिरवून जंगलाचं काय भलं होणार? ताई, पोपट कुणाकडून घेतला ते मात्र जबाबात सांगायला लावा.

लालबागची सून
सांगते. दिरांनी मुलांसाठी आणलेलं एक कासव आहे. कोबीची पानं खातं, पाठीवर पिवळ्या चांदण्या आहेत. पंचनाम्यात ते नाही.

निवृत्त वनपाल
हे पोपटापेक्षा फार गंभीर आहे. वर्णनावरून स्टार कासव वाटतं, म्हणजे अनुसूची १, कायद्यातली सर्वांत कडक संरक्षणाची यादी. किमान तीन वर्षं कैद, आणि किमान कैदेची तरतूद असलेल्या गुन्ह्यात तडजोड होतच नाही. घाबरून तळ्यात सोडू नका, जमिनीवरचं कासव आहे, बुडून मरेल. बोरिवलीच्या जंगलातही नको. आजच वकील गाठा आणि त्यांच्यासोबत जाऊन ते वनविभागाकडे लेखी सुपूर्द करा. हेल्पलाइन १९२६.